उत्सवात कॅमेऱ्याची जागा : जाँ रूश यांच्या छायाचित्रणाविषयी

(व्याख्यानाचे शब्दांकन. व्याख्यानाआधी ‘तुरू ए बित्ती’ हा लघुपट दाखवण्यात आला होता. बोलण्याची ढब शक्यतो तशीच ठेवली आहे.)



दिवे लागले आणि पुढच्या रांगेतले काही जण एकमेकांकडे बघतायत, असं आम्हांला इथून दिसतंय. संपली का फिल्म? हो, संपली. तेवढीच आहे. सुमारे दहा मिनिटं, एकच शॉट, मध्ये कुठेही कात्री नाही. पण हे व्याख्यान नंतर नुसतं वाचणारेही पुष्कळ आहेत. त्यांच्यासाठी आधी फिल्ममध्ये काय आहे ते थोडक्यात सांगतो.

तारीख १५ मार्च १९७१. पश्चिम आफ्रिकेतला नायजर देश, त्यातलं सिमिरी नावाचं गाव. टोळांपासून पिकं वाचवा, असं देवतांना विनवायचं आहे. देवतांशी बोलायचं तर त्या कोणाच्या तरी अंगात यायला हव्यात. त्यासाठी नाच चालू आहे, पण बरेच दिवस झाले तरी कोणाच्याही अंगात आलेलं नाही. मग ‘तुरू’ आणि ‘बित्ती’ ही जुनी, पूर्वजांच्या काळची वाद्यं बाहेर काढली आहेत. जाँ रूश कॅमेरा घेऊन बाहेरून चालत येतात. बळीसाठी बांधलेल्या जनावरांवरून अंगणात शिरतात. एक म्हातारा नाचतोय. वादकांच्या हातांपाशी कॅमेरा रेंगाळतो. एवढ्यात वाद्यं थांबतात. दुसऱ्या कोणी असता तर कॅमेरा बंद केला असता. रूश करत नाहीत. वाद्यं पुन्हा सुरू होतात आणि त्या म्हाताऱ्याच्या अंगात येतं. आलेली देवता तरसाच्या रूपातली आहे. ती मांस मागते, गावकरी तिच्यापुढे आपलं मागणं ठेवतात. मग एका म्हातारीच्याही अंगात येतं. कॅमेरा हळूहळू मागे सरकतो, अंगणाच्या कडेला उभी असलेली माणसं आणि पोरं दिसतात, आणि रीळ संपतं.

आजचा आपला विषय असा : पारंपरिक उत्सव चित्रित करणाऱ्या छायालेखकाचं काम कशावरून जोखायचं? चित्र सुंदर आहे का, रंग कसे आलेत, यावर साधारणपणे बोललं जातं. आम्ही आज एवढंच विचारणार आहोत, की कॅमेरा कुठे उभा आहे, आणि तिथे उभं राहायचा अधिकार त्यानं कसा मिळवला. रूश यांच्याकडे पाहायचं ते यासाठी. त्यांनी हा प्रश्न जन्मभर सोडला नाही, आणि त्यांच्या चुकाही शिकण्यासारख्या आहेत.

आधी माणसाची ओळख. रूश यांचा जन्म १९१७ सालचा, पॅरिसमधला. शिक्षणानं इंजिनियर. १९४१ साली नायजरला गेले ते रस्ते बांधायला. त्यांच्या हाताखालचे काही मजूर वीज पडून मेले. तिथल्या लोकांच्या लेखी हा डोंगो या विजेच्या देवतेचा कोप. दामुरे झिका नावाचा त्यांचा एक तरुण सहकारी होता. त्याच्या आजीनं शांतीचा विधी केला आणि तो रूश यांनी पाहिला. रस्तेबांधणीतला माणूस तिथून मानववंशशास्त्राकडे वळला. दामुरे पुढे जन्मभराचा मित्र झाला आणि त्यांच्या सिनेमांतून कामंही केली.

१९४६-४७ मध्ये रूश आणि त्यांचे दोन मित्र नायजर नदीतून होडीनं निघाले. बरोबर पॅरिसच्या जुन्या बाजारात घेतलेला १६ मिलिमीटरचा कॅमेरा होता. प्रवासात कॅमेऱ्याची तिवई नदीत गेली. आता कॅमेरा ठेवणार कशावर? खांद्यावर, हातात. त्या काळी हातात धरून चित्रण करणं हा अडाणीपणा समजला जाई. रूश यांना नाइलाजानं ते करावं लागलं, आणि पुढे आयुष्यभर त्यांनी तिवईकडे वळून पाहिलं नाही.

ही गोष्ट गंमत म्हणून नेहमी सांगितली जाते. आम्हांला तिच्यात तत्त्व दिसतं. तिवईवरचा कॅमेरा म्हणजे आपल्या वेदान्तातला साक्षी. तो बघतो, पण त्याला काही होत नाही. तो दमत नाही, त्याला धक्का लागत नाही. हातातल्या कॅमेऱ्याला शरीर असतं. त्याला एका वेळी एकाच ठिकाणी असता येतं. एक बघायचं तर दुसरं सोडावं लागतं. समोरून नाचणारा आला तर बाजूला व्हावं लागतं. रूश यांना झूमही आवडत नसे. जवळचं पाहायचं असेल तर चालत जवळ जा, असा त्यांचा आग्रह. म्हणजे आपण जवळ आलोय हे समोरच्यालाही कळतं, आणि नको असेल तर तो हाकलू शकतो. झूममध्ये समोरच्याला ही सोयच नाही! दूर उभं राहून त्याचा चेहरा आपण उचलून आणतो आणि त्याला पत्ताही लागत नाही.

आता इथे थोडं थांबू. कारण याच फिल्मबद्दल रूश यांनी एक मोठा दावा केला, आणि तो आम्हांला मान्य नाही. त्यांचं म्हणणं असं, की आपण न थांबता चित्रण करत राहिलो म्हणूनच वादक पुन्हा वाजवू लागले आणि म्हाताऱ्याच्या अंगात आलं. कॅमेऱ्यामागे आपणही एका तंद्रीत होतो. या अवस्थेला त्यांनी ‘सिने-ट्रान्स’ असं नाव दिलं. आपण म्हणू, छायालेखकाच्या अंगात कॅमेरा आला होता.

तंद्रीपर्यंत आम्ही त्यांच्याबरोबर आहोत. पण कारण? आपल्याकडे काकतालीय न्याय म्हणतात. कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ पडली, म्हणून कावळ्यानं फांदी मोडली असं होत नाही. माणसं दिवसचे दिवस नाचतायत, पूर्वजांची वाद्यं काढली आहेत, टोळांची भीती डोक्यावर आहे, आणि देव आला तो पॅरिसहून आलेल्या कॅमेऱ्यामुळे? अहो, यात गावकऱ्यांची सगळी मेहनत आपण आपल्या नावावर जमा करतो. छायालेखक उत्सवात शिरला हे चांगलंच, पण शिरल्याबरोबर मखरात जाऊन बसायला नको.

तरीही फिल्मचं मोल कमी होत नाही, कारण तिच्यात लपवाछपवी नाही. कॅमेरा कुठून आत आला हे आपण पाहिलं आहे. तो कुठे चुकतोय, कुठे वाट बघतोय, कोणाच्या मागे राहिलाय, सगळं समोर आहे. त्यामुळेच रूश यांच्या दाव्याशी भांडण्याचं साहित्य रूश यांच्याच फिल्मनं आपल्या हातात दिलं. चांगल्या माहितीपटाकडून याहून जास्त काय मागायचं?

आता दुसऱ्या फिल्मकडे येऊ. तिच्याविषयी बोलणं आम्हांला थोडं जड जातं. का, ते सांगतो.

१९५४ साली आक्रा इथे, म्हणजे आजच्या घानामध्ये, रूश यांनी ‘ले मेत्र फू’ चित्रित केली. ‘पिसाट धनी’ म्हणा. नायजरकडून मजुरीला आलेल्या लोकांचा ‘हाउका’ नावाचा पंथ होता. त्यांच्या अंगात येणारे देव कोण, तर गव्हर्नर, इंजिन चालवणारा, पहाऱ्यावरचा शिपाई. वसाहतीतले साहेब लोकच! तोंडाला फेस येतो, मशाली अंगावरून फिरवल्या जातात, कुत्रं कापून खाल्लं जातं. गव्हर्नरच्या लाकडी मूर्तीच्या डोक्यावर अंडं फोडतात, आणि रूश तिथे कट करून खऱ्या गव्हर्नरच्या पिसांच्या टोपीकडे जातात. तेव्हाचा कॅमेरा चावीचा. एका चावीत फार तर पंचवीस सेकंद चालायचा. त्यामुळे ही फिल्म तुकड्यातुकड्यांची आहे, आणि प्रत्येक तुकडा डोळ्यांवर आदळतो.

पंथाच्या प्रमुखांनीच रूश यांना चित्रणासाठी बोलावलं होतं, हे लक्षात ठेवा. तरी फिल्म पॅरिसला दाखवली तेव्हा खळबळ झाली. रूश यांचे गुरू मार्सेल ग्रिओल यांनी ती नष्ट करावी असं सुचवलं. आफ्रिकी प्रेक्षक संतापले. ब्रिटिशांनी आपल्या वसाहतीत तिच्यावर बंदी घातली. पुढे १९६५ साली सेनेगलचे दिग्दर्शक उस्मान सेम्बेन यांनी रूश यांना तोंडावर सांगितलं, की तुम्ही आम्हांला किड्यामुंग्यांसारखं बघता. नंतरच्या काळात अभ्यासकांनी याच फिल्ममध्ये साहेबाची टिंगल पाहिली, तिची वाहवा झाली. आम्हीही त्या वाहवा करणाऱ्यांतले.

नोकरीत असताना धर्माच्या तत्त्वज्ञानाच्या तासाला आम्ही ही फिल्म दाखवली. आधी काही सांगितलं नाही. म्हटलं, कोऱ्या मनानं बघू देत. फेस आला तशी मागून खसखस पिकली, कुत्र्याच्या वेळी ‘ईऽऽ’ झालं. तास संपला. गावाकडून आलेला, नेहमी पहिल्या बाकावर बसणारा एक मुलगा टेबलाशी आला. म्हणाला, “सर, माझ्या आईच्या अंगात येतं. ती अशीच दिसते.” एवढंच बोलून गेला. पुढच्या तासाला आला, पण शेवटच्या बाकावर बसला. वर्षभर तिथेच बसला.

त्या दिवसापर्यंत आम्ही या फिल्मचं कौतुक ‘वसाहतवादाची उलटतपासणी’ वगैरे शब्दांत करत होतो. शब्द खोटे नव्हते. पण त्या मुलाला जे दिसलं ते आम्हांला दिसलं नव्हतं. फिल्ममध्ये दिसणाऱ्या माणसांना सुरुवातीपासून शेवटपर्यंत स्वतःचा असा आवाज नाही. बोलतात ते रूश. हा कोण, हा काय म्हणतोय, का म्हणतोय, सगळं रूश यांचं निवेदन सांगतं. शेवटी हीच माणसं दुसऱ्या दिवशी कामावर हसतमुख दिसतात, आणि निवेदन सुचवतं की मनाचे आजार टाळण्याचा उपाय यांना सापडला असावा. म्हणजे पूजा होती ती औषध झाली! आपल्या आईचा देव कोणी ‘उपचार’ म्हणून समजावून सांगितला तर मुलाला कसं वाटेल? सोंघाय लोक अंगात आलेल्या माणसाला देवाचा घोडा म्हणतात, आपल्याकडे ‘झाड’ म्हणतात. घोडा काय, झाड काय, दोन्ही शब्दांत त्या माणसाबद्दल एक सांभाळ आहे. निवेदनात तो सांभाळ नाही. चित्रात आहे का? थोडासा आहे, पण पंचवीस-पंचवीस सेकंदांत त्याला राहायला जागा मिळत नाही. सिमिरीच्या दहा मिनिटांत ती मिळाली. दोन फिल्म्समध्ये सतरा वर्षांचं अंतर आहे. त्या काळात कॅमेरे सुधारले हे खरं, पण छायालेखकही वाट बघायला शिकला.

तो कोणाकडून शिकला, हे सांगायलाच हवं. रूश यांनी पाणघोड्याच्या शिकारीवर आणि तिच्याबरोबरच्या विधींवर एक फिल्म केली होती. १९५४ साली नदीकाठच्या आयोरू गावात ती त्याच शिकाऱ्यांना पडद्यावर दाखवली. लोकांनी पुन्हा पुन्हा बघितली आणि मग टीका केली. रूश यांनी शिकारीच्या ऐन प्रसंगाला त्यांचंच एक शिकारीचं गाणं जोडलं होतं. शिकारी म्हणाले, शिकारीच्या वेळी संगीत कसलं? पाणघोडा पाण्याखाली आहे, त्याला ऐकू जाईल, तो पळेल! रूश यांनी संगीत काढून टाकलं. बघा, केवढी समीक्षा आहे ही. भावना चढवायला लावलेलं संगीत किती खोटं असतं, हे आम्ही सौंदर्यशास्त्राच्या तासाला महिनाभर सांगत बसू. त्या शिकाऱ्यानं एका वाक्यात निकाल लावला, कारण त्याच्या लेखी पाणघोडा अजून ऐकत होता.

आता शेवटचा आणि आमच्या मते सर्वांत अवघड मुद्दा. मालीमध्ये बांदियागाराच्या कड्यावर डोगोन लोक राहतात. त्यांचा ‘सिगी’ नावाचा उत्सव साठ वर्षांनी येतो आणि सलग काही वर्षं गावोगाव फिरतो. मृत्यू जगात कसा आला, पहिला पूर्वज मरून नागाच्या रूपात कसा गेला, याची ही आठवण. नागाच्या आकाराचा मोठा मुखवटा नव्यानं कोरतात. पुरुष वयाच्या क्रमानं एका रांगेत, नागमोडी नाचतात. १९६७ साली यूगो गावात सिगी सुरू झाला, आणि तेव्हापासून काही वर्षं रूश आणि जर्मेन दीतेरलाँ या संशोधक बाई तिथे जात राहिले. त्यातून एकामागून एक फिल्म्स झाल्या. मग त्या एकत्र करून एक सलग फिल्मही झाली.

आता गंमत बघा. प्रत्येक गाव आपल्या वर्षी आपला भाग करतं. त्यामुळे सगळा सिगी एका नजरेत, ओळीनं, असा सहसा कोणी बघत नाही. तो रूश यांच्या कॅमेऱ्यानं बघितला. एकेका गावाला आपला एक भाग, आणि पाहुण्याला सगळी माळ! मग फिल्ममध्ये जो ‘पूर्ण सिगी’ आहे तो कोणाचा? ज्ञान म्हणून त्याचं मोल मोठं आहे, त्याबद्दल वाद नाही. ओळीनं पाहिल्यामुळेच गावागावांतल्या विधींचा एकमेकांशी संबंध अभ्यासकांना लागला. पण असा पूर्ण उत्सव जगण्यात कुठेच नसतो. तो संपादनाच्या टेबलावर तयार होतो.

हे दूरचं वाटत असेल तर आषाढात टीव्ही लावा. ड्रोननं घेतलेलं गोल रिंगण दिसेल. वरून पताकांचं वर्तुळ आणि मध्ये धावणारा अश्व. सुंदर असतं, आम्हीही बघतो. पण वारकऱ्याला काय दिसतं? पुढच्या माणसाची पाठ, डोक्यावरच्या तुळशीवृंदावनाची कड, पायाखालची धूळ. त्याची दिंडी रथापुढची किंवा रथामागची, तिचा क्रमांक ठरलेला. तेवढी त्याची वारी. सगळी वारी त्याला दिसत नाही, आणि न दिसल्यानं त्याचं काही अडत नाही. संध्याकाळी समाजआरतीला चोपदार दंड उंचावतात आणि हजारो टाळ क्षणात थांबतात. एखाद्या दिंडीची काही तक्रार असेल तर तिचे टाळ मात्र वाजत राहतात. मग चोपदार तिकडे जातात, गाऱ्हाणं ऐकतात. एवढ्या अफाट जनसमुदायात दाद मागण्याची ही रीत! ती वरून दिसणार नाही. ती टिपायची तर कॅमेऱ्याला त्या दिंडीत उभं राहावं लागेल. आणि टाळ कोणाचे थांबले नाहीत हे कळण्यासाठी आधी दिवसभर बरोबर चालावं लागेल.

म्हणून आमचं म्हणणं असं. उत्सव चित्रित करणाऱ्याला दोन मोह पडतात. एक, सगळं दाखवण्याचा. दुसरा, सगळं समजावून सांगण्याचा. रूश दोन्हींत सापडले. सिगीत पहिल्यात आणि हाउकांच्या फिल्ममध्ये दुसऱ्यात. सिमिरीच्या अंगणात मात्र त्यांनी एक शरीर, एक रीळ, एक वाट एवढीच मर्यादा घेतली. निवेदन तिथेही आहे, नाही असं नाही. पण तिथे ते दुसऱ्यांच्या मनाचा अर्थ कमी आणि स्वतः काय करतोय हे जास्त सांगतं. आमच्या लेखी त्यांच्या कामातली ही दहा मिनिटं सर्वांत वरची आहेत.

हिशेबानं पुढचा सिगी २०२७ साली यायचा. रूश २००४ मध्ये नायजरमध्येच मोटार अपघातात गेले. दीतेरलाँ बाई त्याआधी, १९९९ मध्ये गेल्या. मालीच्या त्या भागात गेली कित्येक वर्षं हिंसाचार चालू आहे, गावंच्या गावं उठली आहेत. १९६७ साली रांगेत शेवटी नाचणारी पोरं आज म्हातारी झाली असतील. रांग सुरू करायची ती आता त्यांनी. त्यांना काही आठवेनासं झालं तर साठ वर्षांपूर्वीची रिळं आहेत, पण ती जपली आहेत फ्रान्समध्ये. आयोरूच्या शिकाऱ्यांसारखं डोगोन म्हाताऱ्यांनी ती बघावीत आणि म्हणावं, इथे चुकलंय, हे असं नव्हतं. त्या फिल्म्सची खरी समीक्षा तीच ठरेल. आमची ही तात्पुरती.

(व्याख्यानानंतरच्या प्रश्नांपैकी एक)

प्रश्न : सर, आता नाचणाऱ्यांच्याच हातात मोबाईल आहे. मग बाहेरच्या छायालेखकाचा प्रश्नच मिटला, नाही का?

उत्तर : अर्धा मिटला. कोण बघतंय हे बदललं, आणि ते चांगलंच झालं. पण कॅमेरा कुठे उभा आहे हा प्रश्न घरच्या माणसालाही सुटत नाही. आपल्याच गावच्या जत्रेत आपण मोबाईल उंच धरतो तेव्हा मागच्याला पालखी दिसत नाही. त्यानं खांद्यावर हात ठेवून “जरा खाली घ्या” म्हटलं तर खाली घ्यायचा. रूश यांच्याकडून शिकायचं ते एवढंच, की तो हात आपल्या खांद्यापर्यंत पोचेल इतकं जवळ उभं राहायचं.

थांबतो. जमलं तर आजची फिल्म घरी आवाज बंद करून पुन्हा बघा, आणि मग आवाजासकट. दोन्हींत काय वेगळं दिसलं ते पुढच्या वेळी आम्हांला सांगा.